मैदान आणि अँटेना

"आलं का?" गच्चीवरून प्रश्न यायचा. अंगणात उभा असलेला तो खिडकीतून आत पोचवायचा आणि आतून उत्तर यायचं, "नुसत्या मुंग्या!" मग बांबू पुन्हा थोडा फिरायचा. "थांब, थांब... आलं! आता हात लावू नको भो!" १९८० च्या दशकाच्या मध्यावर भुसावळच्या रेल्वे क्वार्टरांत आणि गावातल्या माळवदांवर तिघांचा हा खेळ रोज संध्याकाळी रंगायचा. एवढ्या खटाटोपातून पडद्यावर जी उमटायची ती दिल्ली. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं होतं. पण इन्सॅट-१बी उपग्रह वर गेल्यावर १९८४ मध्ये गावोगावी जे छोटे प्रक्षेपक धडाधड उभे राहिले, ते दिल्लीचा कार्यक्रम आकाशातून उचलून आपल्या पंचक्रोशीत टाकायचे. त्यामुळे मुंबईपासून एका रात्रीच्या प्रवासावर असलेल्या आमच्या भागात 'हम लोग' आधी आलं आणि मुंबईचं मराठी मागाहून.

१९८४ हे साल ध्यानात ठेवण्याजोगं आहे. खान्देशात टीव्ही आला तोवर देशात लोकशाही येऊन, जाऊन, परतही आली होती. पडद्याने लोकशाही घडवली किंवा बिघडवली असं आज आपण सहज म्हणतो, तेव्हा हा क्रम विसरतो. तो आठवायचा तर एका माणसाचा रस्ता पाहावा. या देशातल्या टीव्हीच्या अगदी पहिल्या दिवसांत तो कॅमेऱ्याजवळ होता आणि लोकशाही परत मिळवायची वेळ आली तेव्हा कॅमेऱ्यापासून कोसभर लांब, मैदानावर होता. पु. ल. देशपांडे यांची विनोदी लेखक ही ओळख इतकी मोठी झाली की त्यांची टेलिव्हिजनमधली छोटीशी कारकीर्द तिच्या सावलीत गेली. इतिहासाच्या दृष्टीने मात्र तीच फार बोलकी आहे.

सुरुवात घरापासून करू. भुसावळहून यावलच्या बाजूला गेलं की फैजपूर लागतं. डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचं पहिलं ग्रामीण अधिवेशन इथे भरलं. अध्यक्ष जवाहरलाल नेहरू. नंदलाल बोस यांनी बांबू आणि गावातल्याच साध्या सामानातून 'टिळकनगर' उभं केलं. तोवर अधिवेशनं शहरांत भरायची; इथे केळी-कापसाच्या शेतांमधून माणसं बैलगाड्या जुंपून आली. प्रौढ मताधिकारावर निवडलेली घटना समिती हवी ही मागणी आणि शेतकऱ्यांसाठीचा कार्यक्रम, दोन्ही या अधिवेशनात मांडले गेले. अमळनेरच्या शाळेत मास्तरकी केलेले साने गुरुजी त्यासाठी गावोगाव राबले होते. म्हणजे मतदानाचा हक्क म्हणजे काय, हे इथल्या माणसाने पहिल्यांदा ऐकलं ते धुळीत मांडी घालून, शेजाऱ्याच्या खांद्याला खांदा लावून. सभा संपली की बोलणाऱ्याला गाठून प्रश्न विचारता येत होता.

फैजपूरचे तेच नेहरू पंतप्रधान झाल्यावर, १५ सप्टेंबर १९५९ रोजी, दिल्लीत टेलिव्हिजनची प्रायोगिक सेवा सुरू झाली. उद्घाटन राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते झालं. आठवड्यातून दोन दिवस, तासभराचा कार्यक्रम. पाहणारे दिल्ली आणि आसपासच्या टेलिक्लबांत जमणारे लोक. सगळं आकाशवाणीच्याच छपराखाली. पु. ल. त्या वेळी आकाशवाणीत होते. युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर ते लंडनला बीबीसीत या नव्या माध्यमाचं शिक्षण घेऊन आले होते. त्या प्रवासातून 'अपूर्वाई' जन्मली आणि मराठी घरांनी प्रवासवर्णन म्हणून ती डोक्यावर घेतली. तिच्या मुळाशी टेलिव्हिजनचं प्रशिक्षण होतं, हे वाचकाच्या लक्षात राहत नाही. परतल्यावर ते दिल्लीच्या त्या पहिल्या निर्मात्यांत होते. टीव्हीसाठी नेहरूंची मुलाखत पहिल्यांदा कोणी घेतली, तर त्यांचंच नाव सांगितलं जातं.

ते चित्र क्षणभर डोळ्यांसमोर आणावं. एकीकडे फैजपूरच्या मांडवात हजारोंपुढे बोलून गेलेला नेता, दुसरीकडे पेटी, नाटक, नकला, व्याख्यान या सगळ्यांत समोरच्या श्रोत्याचा श्वास ओळखणारा कलावंत. आणि दोघांच्या पुढ्यात एक काच, जी हसत नाही की टाळी देत नाही. पु. लं.ची सारी कला समोरच्याच्या प्रतिसादावर उभी होती. वाक्य कुठे तोडायचं, कुठे थांबायचं, हे त्यांना प्रेक्षागृह सांगायचं. फार काळ ते सरकारी नोकरीत रमले नाहीत. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीलाच 'बटाट्याची चाळ' घेऊन ते रंगमंचावर एकटे उभे राहिले. देशातल्या टीव्हीचा पाया ज्यांच्यासमोर घातला गेला, त्यांतला एक माणूस इमारतीची पहिली भिंत उभी राहायच्या आत बाहेर पडला होता.

त्यांनी ते कुठलं तत्त्व म्हणून केलं, असा दावा इथे करायचा नाही. कलावंत जिथे मोकळा श्वास घेतो तिकडे जातो, इतकं पुरे. पण पुढे काय घडलं त्याच्या उजेडात ते बाहेर पडणं वेगळं दिसतं. सरकारी माध्यमाचा कारभार आतून कसा चालतो, हे त्यांनी पाहिलं होतं. पगार कुठून येतो, नस्ती कुठे अडते, 'वरून' आलेला शब्द खाली येईतो आज्ञा कसा होतो, हे त्यांना कोणी सांगायची गरज नव्हती.

मुंबई केंद्र सुरू झाल्यावरची पहिली वर्षं कसदार होती, हेही नोंदवलं पाहिजे. 'प्रतिभा आणि प्रतिमा'त लेखक-कलावंत येऊन निवांत बोलायचे. 'गजरा' हसवायचा. 'आमची माती, आमची माणसं' शेतकऱ्याला शेतकऱ्याच्या भाषेत माहिती द्यायचा. मराठी बातम्या वाचणाऱ्यांत आमच्या शिरपूरच्या घरातली एक तरुण मुलगी होती. स्मिता पाटील. श्याम बेनेगल यांची नजर तिच्यावर पडली ती याच पडद्यावर. आकाशवाणी-दूरदर्शनच्या आत राहून ज्यांनी चांगलं काम केलं, त्यांना बाहेर बसून नावं ठेवणं सोपं असतं. बातमी वाचणारा बातमी लिहीत नाही. कार्यक्रमाचा निर्माता धोरण ठरवत नाही. दोष होता तो रचनेचा. ज्याच्या हातात सरकार, त्याच्याच हातात स्वीच.

२५ जून १९७५ च्या रात्री तो स्वीच दाबला गेला. आणीबाणी लागल्यावर काही दिवसांतच माहिती-प्रसारण खात्यातून इंद्रकुमार गुजराल गेले आणि विद्याचरण शुक्ल आले. वृत्तपत्रांवर सेन्सॉर बसला, चार वृत्तसंस्था मोडून एक 'समाचार' करण्यात आली. सरकारी कार्यक्रमात गायला नकार दिला म्हणून किशोरकुमारची गाणी आकाशवाणी-दूरदर्शनवरून गायब झाली. लोक 'ऑल इंदिरा रेडिओ' म्हणू लागले, तेही इकडे तिकडे पाहून. १ एप्रिल १९७६ रोजी दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळं झालं. विभाग स्वतंत्र झाला, माध्यम झालं नाही. जळगावचं आकाशवाणी केंद्रही १९७६ चंच. खान्देशाला स्वतःचा आवाज मिळाला तो असा, देशातले बाकीचे आवाज बंद असताना.

भुसावळला दडपणाची चव त्याआधीच लागली होती. ८ मे १९७४ ला सुरू झालेला रेल्वे संप वीस दिवस चालला. देशभरातले लाखो कामगार त्यात उतरले. हजारोंच्या नोकऱ्या गेल्या, धरपकड झाली. जे गाव इंजिनाच्या भोंग्यावर घड्याळ लावतं, त्या गावात भोंगे थांबणं म्हणजे काय, हे पेपरात वाचून कळत नाही. त्यामुळे वर्षभराने रेडिओ 'बातें कम, काम ज्यादा' सांगू लागला, तेव्हा ते कोणाला उद्देशून आहे हे रेल्वे कॉलन्यांना वेगळं समजवावं लागलं नाही. रात्री आवाज बारीक करून बीबीसीची हिंदी सेवा ऐकणारी घरं तेव्हा देशभर होती. पु. ल. ज्या संस्थेत टेलिव्हिजन शिकून आले, तिच्याच रेडिओवर आपल्या देशात काय चाललंय हे आपली माणसं ऐकत होती. एखाद्या सरकारी माध्यमाला याहून मोठी चपराक कोणती?

मराठी साहित्याने त्या काळात मान खाली घातली नाही, याचा अभिमान आपण वरचेवर सांगतो. तो बराचसा एका बाईंमुळे आहे. डिसेंबर १९७५ मध्ये कऱ्हाडला साहित्य संमेलन भरलं. स्वागताध्यक्ष यशवंतराव चव्हाण, म्हणजे केंद्रातले मंत्री. अध्यक्षा दुर्गा भागवत. त्यांनी त्याच व्यासपीठावरून आजारी जयप्रकाश नारायणांना आराम पडावा म्हणून सभेला प्रार्थनेसाठी उभं केलं. पुढे दुर्गाबाईंना अटक झाली. त्या प्रार्थनेचं चित्रण कोणत्याही पडद्यावर दाखवलं गेलं नाही. तरीही ती महाराष्ट्रभर पोचली, तोंडातोंडी, पत्रांतून, गाडीच्या डब्यांतून.

पु. ल. त्याआधीच्या, १९७४ च्या इचलकरंजी संमेलनाचे अध्यक्ष. लोकप्रियता अशी की दुसऱ्या कोणत्याही मराठी लेखकाने हेवा करावा. गमावण्यासारखं त्यांच्याकडे खूप होतं. १८ जानेवारी १९७७ ला निवडणूक जाहीर झाली आणि हा माणूस प्रचाराला उतरला. खुर्चीसाठी उमेदवारी नाही, पक्षाची पावती नाही. सभांमधून विचारस्वातंत्र्याची बाजू मांडायची, एवढंच. जयप्रकाशांची तुरुंगातली दैनंदिनी त्यांनीच 'स्वगत' या नावाने मराठीत आणली. आयुष्यभर हसवणारा माणूस गंभीर होऊन उभा राहिला, तेव्हा लोकांनी कान टवकारले. हसवणाऱ्याच्या गांभीर्याला वजन असतं. ते तो रोज खर्च करत नाही.

त्याच दिवसांत दिल्लीत टीव्ही काय करत होता? ६ फेब्रुवारी १९७७ ला रामलीला मैदानावर जयप्रकाश आणि जगजीवनराम यांची सभा होती. लोकांनी घरी बसावं म्हणून दूरदर्शनने त्या संध्याकाळी 'बॉबी' दाखवला. तरी मैदान भरलं. हा किस्सा अनेकदा सांगितला जातो, पण त्यातली खरी गंमत मागे राहते. सरकारला आपल्या पडद्याच्या ताकदीवर विश्वास होता. लोकांना करमणूक हवी होती, हेही खरं. पण ज्या पडद्याने दीड वर्ष खोटं सांगितलं, त्याने एका संध्याकाळी गोड काही वाढलं म्हणून पाटावर बसायला लोक तयार नव्हते. विश्वास हा साठवणीचा माल आहे. लागेल तेव्हा बाजारातून आणता येत नाही.

जगात याच्या उलटंही घडलं आहे, आणि तेही त्याच सुमारास. स्पेनमध्ये फ्रँको १९७५ मध्ये वारला. देशाला निवडणुकीपर्यंत नेणारा पंतप्रधान आदोल्फो सुआरेझ पूर्वी तिथल्या सरकारी टेलिव्हिजनचा महासंचालक होता; कॅमेऱ्यात पाहून घरातल्या माणसाशी बोलल्यासारखं कसं बोलायचं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. जानेवारी १९७६ मध्ये तिथे होसे लुइस बाल्बिन याचा 'ला क्लावे' सुरू झाला. आधी एक चित्रपट, मग त्याच विषयावर परस्परविरोधी मतांच्या माणसांची लांबलचक चर्चा. चाळीस वर्षं एकच आवाज ऐकलेल्या लोकांनी तिथे पहिल्यांदा दोन शहाणी माणसं न भांडता एकमेकांना खोडून काढताना पाहिली. जून १९७७ मध्ये स्पेनने मतदान केलं, आपल्यानंतर तीन महिन्यांनी. चिलीमध्ये हुकूमशहा पिनोशेने सत्तेवर राहावं का, यावर १९८८ मध्ये सार्वमत झालं, तेव्हा त्याच्या विरोधकांना रोज रात्री उशिरा फक्त पंधरा मिनिटं टीव्हीवर मिळाली. त्या पंधरा मिनिटांत त्यांनी रडगाणं न गाता लोकांना हसवलं, आशा दाखवली आणि सुमारे ५६ टक्के मतांनी 'नाही' जिंकलं.

म्हणजे पडदा स्वभावतःच वाईट, असं म्हणायला जागा नाही. फरक कशाचा होता? स्पेन-चिलीत घरोघर संच होते. आपल्याकडे १९७७ मध्ये सगळ्या देशात मिळून काही लाख. त्यामुळे सत्तेला पडद्याचा मोह झाला तरी देश पडद्यापुढे बसलेलाच नव्हता. तो मैदानात, फलाटावर, पानाच्या टपरीवर होता. आपलं तंत्रज्ञान मागे होतं, ते त्या एका बाबतीत पथ्यावर पडलं.

मैदानाचंही फार कौतुक करू नये. १९७७ मध्ये महाराष्ट्राने ४८ पैकी २० जागा काँग्रेसलाच दिल्या. उत्तरेसारखी लाट इथे नव्हती. जानेवारी १९८० मध्ये इंदिरा गांधी पुन्हा निवडून आल्या. पु. लं.च्या भाषणांनी सरकार पाडलं, असं म्हणणं म्हणजे पाऊस पडला तो बेडूक ओरडला म्हणून, असं म्हणण्यासारखं होईल. त्यांचं योगदान वेगळं होतं. लिहिणाऱ्या-गाणाऱ्या माणसाला देशाच्या भल्याबुऱ्यावर बोलायचा अधिकार आहे आणि वेळ आली तर ते त्याचं कामच आहे, हे त्यांनी कृतीने दाखवलं. आणि जनता पक्ष सत्तेवर आल्यावर कुठलं पद न घेता ते आपल्या पेटीकडे, पुस्तकांकडे परतले. आलेल्या सरकारचं प्रवक्तेपण त्यांनी केलं असतं, तर आधीच्या सरकारवरची टीका पूर्वलक्ष्यी प्रभावाने स्वस्त झाली असती.

मात्र मैदानात जे कमावलं, ते माध्यमाच्या रचनेत उतरलं नाही, ही त्या काळाची मोठी चूक. ऑगस्ट १९७७ मध्ये आणीबाणीतल्या माध्यमांच्या गैरवापरावर श्वेतपत्रिका निघाली. बी. जी. वर्गीस यांच्या समितीने १९७८ मध्ये 'आकाश भारती' हा स्वायत्त न्यास सुचवला. तो कागदावर राहिला. प्रसार भारती कायदा संमत व्हायला १९९० उजाडलं, अमलात यायला १९९७. दरम्यान ९ फेब्रुवारी १९९५ ला सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. पी. बी. सावंत आदींच्या खंडपीठाने प्रक्षेपणाच्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, असा निकाल दिला. तोवर डोक्यावरच्या तबकडीतून खाजगी वाहिन्या घरात आल्याही होत्या. सरकारच्या हातातला स्वीच सैल झाला, पण तो लोकांच्या हातात येण्याआधी जाहिरातदाराच्या हातात गेला.

पु. लं.ची शेवटची परीक्षा त्यानंतरची. १९९६ मध्ये राज्यात शिवसेना-भाजप युतीचं सरकार होतं आणि पहिला 'महाराष्ट्र भूषण' त्यांना मिळाला. तब्येत खंगलेली होती. हार घालून घेऊन दोन गोड शब्द बोलले असते तर कोणी काही म्हटलं नसतं. पण ज्यांनी पुरस्कार दिला त्यांच्याच पक्षातून लोकशाहीबद्दल जी भाषा केली जात होती, तिच्याबद्दलची खंत त्यांनी बोलून दाखवली. मग सत्ताधारी पक्षाच्या प्रमुखांकडून जी जाहीर टीका ऐकून घ्यावी लागली, ती महाराष्ट्राला माहीत आहे. १९७७ मधला सत्ताधारी वेगळा, १९९६ मधला वेगळा, बोलणारा तोच. सांस्कृतिक भाष्यकाराला मोजायचं माप यापेक्षा बिनचूक मिळणार नाही. सरकार बदललं तरी त्याचं वाक्य बदलतं का?

आता परत भुसावळला येऊ. पु. ल. आमच्या घरांत टीव्हीच्या आधी कॅसेटमधून आले. त्यांची माणसं कोकणातली, गिरगावातली, पुण्याची; आमच्या तावडी-लेवा बोलीचा त्यात पत्ता नव्हता. तरीही वरणबट्टीच्या पंगतीनंतर तो आवाज लावला की ओटा हसायचा. हीही उणीव नमूद करायला हवी: दिल्लीने हिंदीत सांगितलं, मुंबईने प्रमाण मराठीत; पण ज्या आसोद्याच्या बहिणाबाईंच्या ओव्या ऐकून महाराष्ट्र थक्क झाला, त्यांच्या बोलीत देशाच्या कारभारावर भाष्य करणारा माणूस पडद्यावर फारसा बसलाच नाही. आज ती बोली मोबाइलवर आहे, आणि धमाल आहे. नकला आहेत, भरताच्या पार्ट्या आहेत, सासू-सुनेचे विनोद आहेत. वीस-बावीस वर्षांची पोरं-पोरी लाखो लोकांपर्यंत जाताहेत, कोणत्याही केंद्राची परवानगी न घेता. अँटेना धरून उभं राहायला तिघे लागत नाहीत.

पण निवडणूक आली की यांच्याकडेही पाकीट येतं. कोणा उमेदवाराच्या वाढदिवसाचा व्हिडिओ, कोणाच्या सभेची हवा. कोणी घेतं, कोणी नाकारतं. १९७६ मध्ये नकार दिला तर गाणं बंद व्हायचं; आज नकार दिला तर 'पोच' कमी होते. दडपणाची जात बदलली, धंदा तोच आहे. रात्री नऊच्या चर्चांमध्ये रोज तीच माणसं सगळ्या विषयांवर बोलतात आणि त्यांचं वजन का वाढत नाही, याचंही उत्तर इथेच आहे. त्यांना पडद्याबाहेर दुसरं घर नाही. पु. लं.कडे पेटी होती, रंगमंच होता, वाचक होता. टीव्ही सोडून जायला जागा होती, म्हणून सत्तेला उत्तर द्यायला जागा होती.

छपरांवरचे ते बांबू केबल आल्यावर उतरले. आमच्याकडे बांबू वाया जात नाही. केळीचा घड भरला की खोड एका बाजूला झुकतं, वाऱ्याने मोडू नये म्हणून टेकू द्यावा लागतो. कितीतरी अँटेनांचे बांबू शेतात जाऊन तिथे उभे राहिले. घड जितका भरदार, तितका टेकूचा प्रश्न मोठा, हे बागाईतदाराला कोणी शिकवावं लागत नाही. आज ज्यांच्या नावाचा घड एका व्हिडिओने रातोरात भरतो, त्या आपल्याच पोरांना एवढंच विचारायचं: तुमचा टेकू कोणाच्या बांधावरचा आहे?